पहिला वेचा खाली असतो

माझ्या भावाच्या पुस्तकात जगाचे सात थर आहेत. सात! आमच्याकडे हंगामात कापूस तीनदा वेचतात, चौथ्यांदा वेचायला झाडावर नुसती वाळकी बोंडं उरतात. वरचे चार थर या बाबानं कुठून आणले, ते त्याचं त्यालाच माहीत. पण तेही मी सोडून दिलं असतं. चार जास्तीचे घे, चाळीस घे, माझी ना नाही. माझं डोकं फिरलं ते दुसऱ्याच गोष्टीनं.

त्यानं सगळं उलटं लावलं आहे. सगळ्यात वर पांढराशुभ्र थर, तिथं उजेड, तिथं राजघराणं. त्याच्याखाली जरा मळका थर, त्याच्याखाली आणखी मळका, असं करत करत तळाला काळाकुट्ट, कुजका खड्डा. त्या खड्ड्यात जगानं विसरलेली माणसं पडलेली असतात. नायक तिथून निघतो आणि एकेक थर फोडत वर चढतो. लोक म्हणतात, काय कल्पना आहे! थरांचा सिद्धांत म्हणे. शहरातली पोरं त्याच्यावर व्हिडिओ करतात आणि हात वर-खाली नाचवून थर समजावतात. मी एक पाहिला आणि फोन पालथा ठेवला.

तो सिद्धांत माझा आहे. आता असं म्हटलं की लोकांना वाटतं, बाईची जळजळ होऊन राहिली. होते जळजळ! का होऊ नये? पण मला त्याची शाल नको, नारळ नको, फोटो नको. माझं म्हणणं एवढंच आहे की उचलायचं होतं तर नीट उचलायचं होतं. अर्धवट उचललं आणि वर उलटं पांघरलं.

आदिलाबादकडच्या भीमपूर मंडळात, म्हणजे तालुक्यात, आमचं गाव आहे, नदीच्या अलीकडच्या काठावर. पलीकडे महाराष्ट्र. घर दोन खोल्यांचं, आणि त्यातली आतली खोली दसऱ्यापासून कापसाची असायची. आम्ही सगळे बाहेरच्या खोलीत एकमेकांना चिकटून झोपायचो. पहिला वेचा आला की तो आतल्या खोलीत जमिनीवर पडायचा. तो कापूस इतका पांढरा असतो की खोलीत दिवा लावायची गरज वाटत नाही. मग दुसरा वेचा यायचा, तो त्याच्यावर. शेवटी तिसरा, म्हणजे कवडी. अर्धवट उमललेली, पिवळी पडलेली, पाल्याचा कचरा चिकटलेली. ती सगळ्यात वर. एकच खोली, वेगवेगळे ढीग कुठं घालणार? त्यामुळे दार उघडलं की नुसती कवडी दिसायची. पाहुण्याला वाटायचं, यांचा कापूस यंदा गेला कामातून. खाली काय आहे ते आम्हालाच माहीत असायचं.

मी चौथीत होते त्या वर्षी भादव्यात आमची धाकटी बहीण गेली. ताप आला होता, नाल्याला पूर होता, गाडी आदिलाबादपर्यंत पोचली नाही. एवढंच सांगते. त्याच्यापुढचं मला अजून धड सांगता येत नाही, आणि कोणी खोदून विचारलं की मी चिडते.

घरात तिचं नाव घ्यायचं नाही असं कोणी न सांगताच ठरलं. बापू शेतात जायचे ते अंधार पडल्यावर यायचे. आई कामं करत राहायची. आणि माझा हा भाऊ, जो आज माइकसमोर दीड-दीड तास बोलतो, त्यानं बोलणंच बंद केलं. तो अजून शाळेत जात नव्हता. धाकटीला बोट धरून अंगणभर फिरवणं हेच त्याचं काम होतं, आणि ते काम गेलं. ताटावर बसायचा आणि भाताकडे पाहत राहायचा. आई त्याच्या तोंडात घास कोंबायची, तो तसाच गालात धरून ठेवायचा. मला त्याची भीती वाटायला लागली होती. मला वाटायचं, आता हापण जाते.

मग पहिला वेचा आला. आमच्याकडे पहिल्यांदा कापूस वेचायच्या दिवशी शेतात सीतादही करतात. धुऱ्यावर, म्हणजे बांधावर, खडे मांडायचे, त्यांना दहीभात दाखवायचा, मग वेचायला लागायचं. त्या दिवशी संध्याकाळी कापूस खोलीत पडला, आणि मी भावाला ओढत आत नेलं. काय बोलणार ते मी ठरवलं नव्हतं. तोंडातून आपोआप आलं.

"पाह्य," मी म्हटलं, "जे पयले येते थे खाली जाते. हा पयला वेचा कुठी राह्यते? खाली. अन् धाकटी आपल्या सगळ्यायच्या पयले गेली. मंग ती कुठी असन?"

त्यानं ढिगाकडे पाहिलं.

"खाली," तो म्हणाला.

कितीतरी दिवसांनी त्याच्या तोंडून निघालेला तो पहिला शब्द होता. असा जन्मला सिद्धांत! कोणत्या ग्रंथालयात नाही, कोणत्या परिषदेत नाही. एक पोरगा जेवत नव्हता म्हणून.

मग दोघांनी मिळून ते जग वाढवलं. आम्ही त्याला आतलं गाव म्हणायचो. आतल्या गावात सरकी म्हणजे म्हशी. कापसातले लाल ढेकूण म्हणजे तिथले कोतवाल, ते या थरातला निरोप त्या थरात नेतात. म्हणून ते चावले तरी मारायचे नाहीत, आणि आम्ही अंगभर खाजवत बसायचो पण मारत नव्हतो. आतल्या गावात रोज दहीभात. खालच्यांना वरचं सगळं कळतं, कारण वर कोणी पाय ठेवला की त्यांच्याकडे हादरा जातो. वरच्यांना खालचं काहीच कळत नाही. त्यांना वाटतं, कवडी म्हणजेच जग. हे मी सांगितलेलं. माझं वाक्य आहे. त्याच्या पुस्तकात ते एका दाढीवाल्या ऋषीच्या तोंडी आहे, तेही उलटं करून.

एका दुपारी मी भावाला हे सगळं सांगत होते आणि दारात आई उभी होती. किती वेळ उभी होती, देव जाणे. मला वाटलं, आता पाठीत धपाटा बसते. धाकटीचं नाव घेतलं होतं ना मी.

आईनं विचारलं, "तिथी थंडी वाजत असन का वं तिले?"

भाऊ माझ्याकडे पाहत होता, मग सांगावंच लागलं.

"नाई वाजत. ती पांढऱ्यात हाये. सगळ्यात गरम तिथीच राह्यते."

आई "बरं" म्हणाली आणि चुलीकडे गेली. त्या दिवसापासून तिनं आम्हाला ढिगावर उड्या मारू दिल्या नाहीत. साऱ्या गावातली पोरं कापसावर लोळायची, आमच्या घरी मनाई. आणि दुसऱ्या वर्षापासून तिनं आणखी एक सुरू केलं. सीतादही झालं की पहिल्या वेच्यातली पहिली मूठ ती स्वतः आणून खोलीच्या कोपऱ्यात ठेवायची, आणि मग तिच्यावर बाकीचा कापूस पडायचा. हंगाम संपून खोली झाडून काढली तरी ती मूठ तिथंच असायची. बापूंनी विचारलं तर "वातीले ठेवली" म्हणायची. वाती ती दुसऱ्याच कापसाच्या वळायची. मी पाहिलं आहे.

कापूस विकायला निघाला की ट्रॉली दाराशी लागायची. बोचकी भरभरून कापूस ट्रॉलीत पडायचा आणि आम्ही पोरं तो तुडवायचो. वरची कवडी आधी जायची, म्हणजे ट्रॉलीच्या तळाला. मग दुसरा वेचा. सगळ्यात शेवटी पहिला. तो वरून पांढराफेक दिसायचा. बापूंना तेच हवं असायचं, कारण आदिलाबादच्या मार्केटात व्यापारी येऊन आधी वरूनच पाहतो. ट्रॉली भरली की मी खाली उतरायची आणि भाऊ वर बसायचा. तो मुलगा ना! पोरीला मार्केटात कशाला नेतात? तो त्या पांढऱ्यावर बसून, हात हलवत, बापूंबरोबर जायचा. मी रिकाम्या खोलीत केरसुणी घेऊन. आईच्या मुठीला धक्का न लावता झाडायचं कसं, ते मला चांगलं जमायला लागलं होतं.

आता बापू नाहीत. आई गावातच राहते. मी लग्न होऊन आदिलाबादला आले, शाळेत शिकवते आणि सुट्टीला गावी जाऊन येते. शेत ठोक्यानं दुसऱ्याला कसायला दिलं आहे, पण आईच्या हट्टापायी थोडा कापूस अजून त्या खोलीत येतो. भाऊ हैदराबादला मोठ्या नोकरीत आहे. घरात बायकोशी, पोरांशी पुण्याची मराठी बोलतो, ड्रायव्हरशी तेलुगू, आणि आईशी बोलताना आधी घसा साफ करतो.

गेल्या हंगामात इथल्या मराठी मंडळींनी त्याचा सत्कार ठेवला. मी आईला बसनं आणलं, पहिल्या रांगेत बसवलं. शाल झाली, नारळ झाला, कोणीतरी उर्दूतला शेर म्हटला, टाळ्या झाल्या. मग हा उठला.

"लहानपणी मी कापसाच्या ढिगावर एकटाच पडलेला असायचो," तो म्हणाला, "आणि तिथं मला हे जग दिसलं."

एकटाच! माझ्या हातात आईची पिशवी होती, तिचा बंद मी असा पिरगाळला की तुटला. एकटा होतास का रे? तुझ्या तोंडातला घास गिळावा म्हणून कोण बडबडत होतं तिथं? लाल ढेकूण?

आईनं मला कोपरानं ढोसलं. "काय म्हन्ते थो?"

"काही नाही. आभार मानून राह्यला."

कार्यक्रम झाल्यावर आई त्याचा गाल कुरवाळत होती. आईला वाचता येत नाही. तिनं पुस्तक हातात घेऊन त्याच्यावरून हात फिरवला आणि विचारलं, "त्याच्यात धाकटी हाये का रे?"

त्यानं माझ्याकडे पाहिलं नाही. "आहे, आई."

"खरंच? मंग मले वाचून दाखव. सकाळी गावाले चाल, तिथी वाच. तिच्यापाशी."

आईचा चेहरा असा खुलला की मला रडूच आलं. कारण मी पुस्तक वाचलं होतं. धाकटी त्याच्यात कुठं आहे, मला माहीत होतं. ती तळाच्या त्या कुजक्या खड्ड्यात आहे. निळ्या फ्रॉकमधली लहान मुलगी. ती नायकाचं बोट धरते, आणि नायक बोट सोडवून घेतो आणि वर चढतो. पुढे सहा थर त्याला ती आठवतसुद्धा नाही. आणि आई? इतकी वर्षं आई एका मुठीवर जगली. माझं पोर पांढऱ्यात आहे, ऊबेत आहे, एवढ्या एका वाक्यावर. आता तिचा स्वतःचा मुलगा तिला वाचून दाखवणार होता की ती पांढऱ्यात नाहीच, घाणीत पडली आहे.

रात्री माझ्या घरी आई पुढच्या खोलीत टेकली होती. मी भावाला स्वयंपाकघरात घेतलं आणि दार लोटलं.

"हे तू आईला वाचणार नाहीस."

"ताई, ती धाकटी नाही. ते एक पात्र आहे."

"पात्रानं निळा फ्रॉक कुठून आणला? तो फ्रॉक मी शेवटी धुतला होता. मला विचारलंस?"

"हे बघ, वाचकाला वर चढणं कळतं. नायक खाली खाली जातो, हे कोण वाचेल?"

"मंग नको वाचू देऊ ना! कोण गळ्यात पडलं होतं तुझ्या? अरे, सगळं चांगलं खाली आहे, एवढीच तर गोष्ट होती. तेवढीच होती! तीच काढून टाकली, आणि सिद्धांत म्हणून मिरवतोस?"

"पण पांढरं वरच असतं, ताई." आता त्याचाही आवाज चढला. "मला स्वच्छ आठवतं. मी डोळ्यांनी पाहिलंय. पांढरं वर, कवडी खाली."

माझ्या हातात पोळीचं उलथनं होतं. ते तसंच राहिलं. कारण तो खोटं बोलत नव्हता. त्याचा चेहरा मला ओळखता येतो, खोटं बोलताना तो कान खाजवतो. त्याला खरंच तसं आठवत होतं. आणि मग माझ्या लक्षात आलं, त्यानं हे कुठं पाहिलं ते.

"अरे गाढवा," मी म्हटलं, "तो ट्रॉलीतला कापूस. भरताना वरचं खाली जातं. व्यापाऱ्याला दिसावं म्हणून पांढरं वर येतं. तू त्याच्यावर बसून मार्केटात गेलास आणि तेच डोक्यात घेऊन बसलास. खोलीतलं तुला काहीच आठवत नाही का?"

मग कोपऱ्यातली मूठ मी त्याला सांगितली. त्याला ती माहीतच नव्हती! त्याला वाटत होतं, आई वातीसाठीच ठेवते. मला त्याच्या थोबाडीत द्यावीशी वाटली. दिली नाही, पण उलथनं ओट्यावर असं आपटलं की शेजारीण खिडकीत आली.

"आता छापून झालं आहे," तो शेवटी म्हणाला, "आणि आई वाट पाहतेय. नाही वाचलं तर तिला काय सांगू?"

त्यावर मी आणखी चिडले.

सकाळी आम्ही त्याच्या गाडीतून गावी गेलो. रस्ताभर मी खिडकीतून कापसाची उभी पऱ्हाटी पाहत होते. गावात शेजाऱ्यांनी त्याच्यासाठी प्लास्टिकची खुर्ची आणून ठेवली होती. आई आतल्या खोलीच्या चौकटीला पाठ लावून जमिनीवर बसली. तिच्या मागे त्या हंगामातल्या पहिल्या वेच्याचा ढीग होता, गुडघाभर. मी समोर उभी राहिले, हाताची घडी घालून. वाच म्हटलं आता. पाहतेच मी.

तो वाचायला लागला. आधीचं राज्य-बिज्य वाचलं, आई लक्ष देऊन ऐकत होती, मधूनच "हं" म्हणत होती. मग खड्ड्याचं आलं. मी पाहिलं, त्यानं बोटाला थुंकी लावली आणि दोन पानं एकदम उलटली. घाण, कुजका वास, किडे, सगळं गेलं. तेवढी लाज होती म्हणायची. पण मुलगी कशी गाळणार? आई तिचीच वाट पाहत होती.

"सगळ्यात खालच्या थरात," तो वाचत होता, "निळ्या फ्रॉकमधली एक लहान मुलगी होती. तिनं त्याचं बोट घट्ट धरलं. त्यानं हलकेच बोट सोडवलं, आणि तो वर चढू लागला."

त्याचा आवाज बसला. त्यानं घसा साफ केला, तरी बसलेलाच राहिला. मी आईकडे पाहिलं.

"मंग थो वर गेला?" आईनं विचारलं.

"हो, आई."

"पार वर?"

"सगळ्यात वरच्या थरात."

"अन् ती?"

भावानं माझ्याकडे पाहिलं. मी तोंड फिरवलं. सांग, तूच लिहिलंस.

"ती... खालीच राहिली."

आईनं मान डोलावली. मागे वळून खोलीत पाहिलं आणि हातानं ढिगाची कड सारखी केली.

"बरं झालं," ती म्हणाली. "तिथीच बरं हाये तिले."

मग तिनं भावाकडे पाहिलं. रागानं नाही. राग सगळा माझ्याकडे होता. लहानपणी तो ताटावर बसून भाताकडे पाहत राहायचा तेव्हा ती जशी पाहायची, तशी पाहत होती.

"पन तू काऊन वर गेला रे बापा?" तिनं विचारलं. "त्या कवडीत? एकटाच?"

त्याच्या मांडीवरून पुस्तक घसरून खाली पडलं. त्यानं उचललं नाही, मीही उचललं नाही. तो खुर्चीवरून उठला, चौकटीत आईजवळ आला आणि ढिगासमोर गुडघ्यांवर बसला.

"कुठी हाये ती मूठ?" त्यानं विचारलं. घसा साफ न करता.

आईनं कोपरा दाखवला. तो कापसात हात घालायला लागला तसा तिनं त्याचा दंड धरला.

"हळू," ती म्हणाली. "तिच्यावर भार पडते."